त्या वास्केसला बाहेर काढा

६ ऑगस्ट १९७४

ताई,

पाकिटावर तिकीट नाही म्हणून घाबरू नकोस. जुन्या संघातला, आपल्या सान पेद्रो गावचा एक गडी पाय मोडून घरी चाललाय, त्याच्या हाती हे पत्र देतोय. पोस्टाने पाठवलं असतं तर आठ-दहा दिवस गेले असते आणि मला तेवढा धीर नाही. शुक्रवारपर्यंत ते तुझ्या शिलाई मशीनवर पडलं पाहिजे.

मला वर घेतलंय. बेसबॉलच्या मोठ्या लीगमध्ये. माझ्यासारख्याच चेंडू टाकणाऱ्या इथल्या एका पिचरने रागाच्या भरात दारावर मूठ मारली आणि हात मोडून घेतला. त्या दाराचे माझ्यावर फार उपकार आहेत. मॅनेजर म्हणाला, सप्टेंबर संपेपर्यंत तू आहेस, पुढचं पुढे बघू. शहराचं नाव लिहीत नाही. तुला ते उच्चारता यायचं नाही आणि राग माझ्यावर काढशील. इथे बसने फिरणं संपलं, एका गावाहून दुसऱ्या गावी विमानाने नेतात. जेवणात मांस रोज, पण भातावर घेवड्याचा रस्सा कोणी घालत नाही.

आता मुद्द्याचं. आमचे रविवारचे सामने तिकडे रेडिओवर स्पॅनिशमध्ये ऐकवतात. या रविवारी आईला चागोच्या दुकानात रेडिओला अगदी खेटून बसव. मी निघालो त्या दिवशी ती काय म्हणाली होती, आठवतं ना? "तू निघालास हे मी बघतेय. पोचलास हे मला रेडिओने सांगावं, तुझ्या पत्रावर माझा विश्वास नाही." चार वर्षं मी थंडीत गोठलो, बसच्या सीटवर मुटकुळं करून झोपलो, ते या एका गोष्टीसाठी. तिने स्वतःच्या कानांनी ऐकलं की मग मला हाकललं तरी चालेल.

हे खोटं लिहिलं. चालणार नाही. पण आधी एवढं तर होऊ दे.

मोचोकाकाला सांग, त्याने शिकवलेला वळणारा चेंडू इथेही वळतो.

तुझा,
तिलो


बातेय सोलेदाद, १२ ऑगस्ट

तिलो,

तुझं पत्र गुरुवारीच मिळालं आणि संध्याकाळपर्यंत अख्ख्या वस्तीला पाठ झालं. ऊसतोड संपून दोन महिने झाले, कारखान्याचं धुराडं थंड, माणसं रिकामी. रविवारी चागोच्या दुकानात मुंगीला पाय ठेवायला जागा नव्हती. चागोने रेडिओ बर्फाच्या पेटीवर चढवला. आईने चर्चचा निळा झगा घातला. मी म्हटलं, "आई, रेडिओला तू दिसत नाहीस." तर म्हणाली, "मला तर मी दिसते ना?"

बसलो. तुझं नाव आलं नाही. सातव्या डावापर्यंत तुमचा संघ एका धावेने पुढे. मग निवेदक म्हणाला, पिचर बदलतोय. आईने माझा दंड असा धरला की अजून वळ आहे. आणि आलं कोण? दोमितिलो वास्केस नावाचा कोणीतरी!

चागो म्हणाला, "हा कुठला?"

निवेदक सांगत होता, आपल्याच सान पेद्रोकडचा आहे. चागो म्हणाला, "असेल. सान पेद्रोत डास कमी आणि पिचर जास्त."

त्या वास्केसने आल्याआल्या दोन गडी बाद केले. आईचा चेहरा उतरला. म्हणाली, "हा मेला असाच टाकत राहिला, तर माझ्या तिलोला कोण बोलावणार?" उठली, तरातरा घरी गेली आणि सान अंतोनियोची मूर्ती घेऊन आली. चागोकडून रिकाम्या बाटल्यांचं खोकं मागितलं आणि त्यात देवाला डोकं खाली, पाय वर करून उभा केला. "जोवर हा वास्केस हलत नाही, तोवर तूही असाच राहा," म्हणाली. माझं, या निदिया पेगेरोचं, लग्न ज्या देवाला दहा वर्षं उलटं टांगून जमलं नाही, त्याने हे काम दोन मिनिटांत केलं. पुढच्याच चेंडूवर होमरन, चेंडू थेट मैदानाबाहेर. आधी एक जण बेसवर होता, म्हणजे दोन धावा.

काय टाळ्या पडल्या म्हणून सांगू. अख्खं दुकान ओरडत होतं, "काढा! त्या वास्केसला बाहेर काढा!" पोरांनी तर चालीवर म्हटलं. आणि खरंच काढला त्याला. आई झगा नीट करून ताठ बसली, आता तुझं नाव येणार म्हणून. आलं भलतंच. सामना संपला तरी ती उठेना.

सगळ्यांत विचित्र वागला तुझा धर्मबाप. मोचोकाकाने टाळी वाजवली नाही. बर्फाच्या पेटीला टेकून, हातात बाटली घेऊन नुसता उभा होता आणि डोळ्यांतून पाणी. आम्ही म्हटलं, चढली त्याला. पण बाटलीचं बूचही उघडलेलं नव्हतं.

तू काळजी करू नकोस. सान अंतोनियो अजून डोक्यावर उभा आहे. वास्केस गेल्याशिवाय आई त्याला सरळ करणार नाही.

पत्ता नेहमीप्रमाणे मोचोकाकाच लिहितोय. म्हणतो, इंग्रजी पत्ता बायकांना जमत नाही. त्याला उरलेल्या तीन बोटांनी जमतो.

निदिया


२१ ऑगस्ट

ताई,

तुझं पत्र काल आलं. तीनदा वाचलं. पहिल्यांदा हसलो, दुसऱ्यांदा हसू आलं नाही, तिसऱ्यांदा बाहेर जाऊन पायऱ्यांवर बसलो.

तो वास्केस मी आहे.

नीट वाच आणि मोठ्याने वाचू नकोस. चार वर्षांपूर्वी तो गोरा माणूस मला करारासाठी न्यायला आला, तेव्हा त्याने जन्माचा दाखला मागितला. माझा दाखला होताच कुठे? आईने बाप्तिस्मा केला, पण सरकारी कचेरीत नोंद कोण करणार? बाप माझ्या जन्माआधीच बाराओनाला पळालेला. त्या माणसाला सोमवारी कागद हवा होता. मोचोकाका मला घेऊन कचेरीत गेला. कारकून म्हणाला, नोंद करायला बाप लागतो. काका पुढे झाला आणि म्हणाला, "मीच बाप." मग कारकून म्हणाला, मुलाचं पूर्ण नाव? आता तिलो म्हणजे ओतिलिओ, हे आईला आणि पाद्रीला माहीत. काकाला वाटलं, तिलो म्हणजे दोमितिलो. मी तोंड उघडेपर्यंत शाई वाळली होती. आणि आडनाव काकाचं. मोचोचं आडनाव वास्केस आहे, हे तरी वस्तीत कोणाला माहीत आहे? अर्ध्या वस्तीला स्वतःचंच नाव माहीत नाही.

बाहेर आल्यावर काकाने मला शपथ घातली. म्हणाला, "हे कळलं तर लोक म्हणतील, लिब्रादाचा मुलगा खरंच मोचोचा. तुझ्या आईने एवढी वर्षं मान ताठ ठेवली, ती मी एका सहीने वाकवली असं व्हायला नको." म्हणून पाकिटावर, जिथे वास्केस लिहावं लागतं, पत्ता तोच लिहितो. बोटांचा आणि इंग्रजीचा काही संबंध नाही.

इथे सगळे मला वास्केसच म्हणतात, आणि मला त्याची इतकी सवय झाली की तुम्हाला ते नाव माहीत नाही हेच मी विसरलो. गाढव मी आहे, तुम्ही नाही.

तो होमरन सान अंतोनियोचा नव्हता. चेंडू छातीच्या उंचीवर राहिला, एवढंच. अठरा तारखेच्या रविवारीही मी टाकला, चार जणांना, आणि चौघांनीही बडवला. तेव्हा तुम्ही काय केलंत ते लिहू नकोस.

आईला सांगू नकोस. तिला वाटेल, स्वतःच्या मुलाला तिनेच शाप दिला. मी अजून इथे आहे, आणि आणखी एक रविवार मिळवणार आहे. तेव्हा बघू.

हात उत्तम आहे. अक्षर वाईट आलंय, कारण बसमध्ये लिहितोय.

तिलो


बातेय सोलेदाद, ४ सप्टेंबर

तिलो,

सांगितलं. रागाव हवं तर.

न सांगून करणार काय? तुझं पत्र आलं तेव्हा सान अंतोनियो जवळजवळ तीन आठवडे डोक्यावर उभा होता. अठरा तारखेला तुला बडवला तेव्हा आईने त्याच्यापुढे मेणबत्ती लावली, बक्षीस म्हणून. आता म्हणत होती, "वास्केस अजून पुरता गेला नाही," आणि शुक्रवारचं जेवण सोडायला निघाली होती. तिला तुझ्याविरुद्ध उपास करू देऊ?

मी तिला पत्र वाचून दाखवलं. सगळं. कचेरीचंही. ती रताळी सोलत होती. सोलायची थांबली नाही. टोपलीतली सगळी सोलून झाल्यावर उठली, हात धुतले, देवाला सरळ केला, झग्याच्या टोकाने त्याचं तोंड पुसलं. मग अंगणात जाऊन बसली आणि अंधार पडेपर्यंत आत आली नाही.

दुसऱ्या दिवशी मोचोकाकाला बोलावलं. बिचारा टोपी हातात घेऊन दारात उभा, जणू आताच फाशी देणार आहेत. आई म्हणाली, "बावीस वर्षं मी पोर वाढवलं आणि तुला एका सहीत आयता मुलगा मिळाला?" काका म्हणाला, "लिब्रादा, दुसरा उपाय नव्हता." आई म्हणाली, "नाव तरी विचारायचंस. ओतिलिओ! पाद्रीने माझ्यासमोर घागरभर पाणी ओतून ठेवलेलं नाव." मग म्हणाली, "कागदावर बाप झालास ना? मग उद्यापासून पाणी भरून देत जा." आणि तो भरतो. रोज सकाळी, दोन डबे. वस्तीत सगळ्यांना कळलंय आणि लोकांना जे बोलायचं ते बोलतायत. आई त्यांना म्हणते, "हो, कागदावर. कागद तुमच्याकडे आहे का? नाही ना? मग गप्प बसा."

पण एक गोष्ट वाईट झाली. आई रेडिओजवळ येत नाही. म्हणते, माझा कान त्याला बाधतो. रविवारी आम्ही ऐकायला गेलो, ती घरी दार लावून बसली. तू त्या दिवशी खेळलास की नाही, हेही विचारलं नाही. मी खूप समजावलं. ऐकेल तर लिब्रादा पेगेरो कसली.

आता माझा प्रश्न. मोठ्या लीगवाले विमानाने जातात, हे तूच लिहिलं होतंस. मग बस कुठून आली? मी शिवणकाम करते तिलो, धागा कुठे ओढलाय ते मला दिसतं. तुझं अक्षर डावीकडे झुकलंय आणि प्रत्येक ओळ शेवटी खाली घसरलीय. हाताला काय झालंय?

हा पत्ता मी लिहिलाय. दोमितिलो वास्केस. बायकांना जमतं.

निदिया


१६ सप्टेंबर

ताई,

तुझ्यापुढे खोटं बोलणं म्हणजे चाळणीत पाणी नेणं.

हे पत्र मी डाव्या हाताने लिहितोय, म्हणून थोडक्यात. अठरा तारखेला तिसऱ्या फलंदाजाला टाकताना कोपरातून आवाज आला. ओला ऊस मोडताना येतो तसा. चौथ्याला तरीही टाकला. आता कोपर सुजून आंब्याएवढं झालंय. डॉक्टर म्हणतो, आज थांबलास तर शस्त्रक्रिया करून कदाचित, एका वर्षाने, खालच्या लीगमध्ये. आणि पुन्हा टाकलास तर कदाचितही नाही.

मी हिशेब मांडला. कदाचितच्या भरवशावर मी बसणार नाही. मी मॅनेजरकडे गेलो आणि म्हटलं, एकोणतीसचा रविवार मला दे. त्या दिवशी आमचा सामना जिंकला काय, हरला काय, कोणाचं काही अडत नाही. तो म्हणाला, तुला वेड लागलंय. मी म्हटलं, हो. तो म्हणाला, कशासाठी? मी म्हटलं, माझी आई ऐकणार आहे. त्याने बराच वेळ तंबाखू चघळला आणि म्हणाला, "तीन फलंदाज. चौथा नाही."

म्हणजे माझ्याकडे तीन फलंदाज आहेत आणि तुझ्याकडे एक आई. माझं काम मी करतो, तुझं तू कर. तिला उचलून न्यावं लागलं तर ने. तिला सांग, तिने ऐकलं नाही तर मी हा हात फुकट घालवणार आहे. हे अन्यायाचं बोलणं आहे, मला माहीत आहे. तरी तसंच सांग.

मी स्पॅनिश निवेदकालाही भेटलो. म्हटलं, एकदा फक्त तिलो म्हण. तो म्हणाला, माझ्यापुढच्या कागदावर जे नाव असतं तेच मी वाचतो. तेव्हा तुम्हीच ते नाव शिका. आईला शिकव. दोमितिलो वास्केस. मला तिने त्या नावाने एकदा आपला म्हणायला हवंय.

तिलो


बातेय सोलेदाद, ३० सप्टेंबर

तिलो,

पत्र गुरुवारी आलं. मी ते आईला जसंच्या तसं वाचून दाखवलं, अन्यायाचं वाक्यही. ती म्हणाली, "हा अगदी माझ्यावर गेलाय," आणि निळा झगा धुवायला टाकला.

तीन दिवस वस्तीत तुझ्या नावाची शिकवणी चालली. विहिरीवर, पत्त्यांच्या डावात, जिथे तिथे, "कोण?" "दोमितिलो वास्केस." पोरं एकमेकांना मारतानाही तेच म्हणत होती.

रविवारी आई आली. सान अंतोनियोला मांडीवर घेतलं, सरळ, आणि दोन्ही हातांनी गच्च धरून ठेवलं, चुकूनही कलायला नको म्हणून. मोचोकाका मागे भिंतीशी उभा होता. आई म्हणाली, "सही केलीस ना? मग बापासारखा इथे बस." चागोने स्वतःची खुर्ची दिली. लोक बघत होते. आई कोणाकडे बघत नव्हती.

आठव्या डावात निवेदक म्हणाला, "दोमितिलो वास्केस." आई म्हणाली, "माझा."

हळूच म्हणाली. पण दुकानात इतकी शांतता होती की सगळ्यांनी ऐकलं. त्यानंतर तो जितक्यांदा वास्केस म्हणाला, तितक्यांदा ती म्हणाली, "माझा."

पहिल्याने चेंडू जमिनीवरून मारला, बाद. दुसऱ्याला तुझे चार चेंडू बाहेर गेले आणि तो चालत बेसवर गेला. निवेदक म्हणाला, "वास्केस हात झटकतोय, काहीतरी दुखतंय." चागोच्या तोंडून सवयीने निघालं, "काढा त्या..." आईने नुसतं वळून बघितलं. पुढचा शब्द त्याने गिळला.

तिसरा. तीन चेंडू बाहेर, दोन आत, आता पुढच्या चेंडूवर निकाल. मोचोकाका रेडिओकडे वाकून कुजबुजत होता, "जोर नको लावू, पोरा. वळणारा. वळणारा टाक." तू त्याचं ऐकलंस. निवेदक म्हणाला, चेंडू इतका हळू आला की फलंदाजाची बॅट आधीच फिरून गेली होती. बाद. मग म्हणाला, वास्केस स्वतःच मैदानाबाहेर चाललाय, उजवा हात डाव्या हाताने धरून. लोक उभे राहिलेत.

आम्हीही उभे होतो. अख्खं दुकान म्हणत होतं, "माझा, माझा." चागोसुद्धा. काकाच्या हातातली बाटली या वेळी उघडी होती, पण तो प्यायला नाही. मी रडले. हे लिहिताना परत रडतेय आणि मला त्याची लाज नाही.

आता आई सांगते ते लिहिते:

"ओतिलिओ, मी देवाला सरळ धरलं होतं, तरी तुझे चार चेंडू बाहेर गेले. म्हणजे त्याचा आणि तुझ्या चेंडूंचा काही संबंध नाही. तेव्हा तो पहिला होमरनही तुझाच. तो माझ्या माथी मारू नकोस आणि मीही घेणार नाही. दुसरं, हात घेऊन घरी ये. जसा असेल तसा. तिसरं, तू पोचलास. मी ऐकलं."

निदिया


११ ऑक्टोबर

ताई,

हात प्लास्टरमध्ये आहे. डॉक्टरने कोपर उघडलं, आत बघितलं, शिवलं. टाके तुझ्या टाक्यांपेक्षा वाईट आहेत. मॅनेजरने हात मिळवला, डावा. करार संपल्याची कागदपत्रं दिली. मी मोठ्या लीगमध्ये एकूण पाच सामने खेळलो. लीगच्या आकडेवारीच्या पुस्तकात माझी एक ओळ छापतील म्हणे. एक तर एक, पण ती पुसता येत नाही.

मी हरून येत नाहीये, हे आईला सांग. कारखान्याच्या संघाला जानेवारीत पिचर शिकवणारा हवाच असतो, आणि वळणारा चेंडू शिकवायला कोपर लागत नाही. मोचोकाकाला दोन बोटं कमी होती, तरी त्याने मला शिकवलंच. आणि वर्षभराने हा हात काय म्हणतो ते मी त्याला विचारणार आहे. डॉक्टरला नाही.

आईचं पत्र खिशात आहे. तिसरं कलम मला पाठ आहे.

शनिवारी, सव्वीस तारखेला, दुपारच्या विमानाने येतो. तिकिटावर नाव वास्केस आहे, म्हणून तिथे ओतिलिओला शोधत बसू नका. आपल्या विमानतळावरचे लोक सामान तपासायला तास-तास लावतात आणि एकहाती माणसाला तर जास्तच लावतील. तेव्हा सगळी वस्ती घेऊन ये, चागोला आण, पोरांना आण, आईला आणि काकाला पुढे उभं कर. आणि आत मी अडकलेला दिसलो की त्या दिवशी ओरडला होतात तसंच, चालीवर, जोरात ओरडा:

"काढा! त्या वास्केसला बाहेर काढा!"

तिलो